पॅकअप कुनी सांगितला नाय

उंबरकोंड, ता. पोलादपूर
२ जून

ती. चंद्रभागा आत्या,

अक्षदाचा वाकून नमस्कार. आमी इकडं बरी आहोत, तुमी पन बऱ्या असाल. दिशाला दोन दात आले, दोनी वरचे. लोक बोलतात वरचे आदी आले की मामाला जड. मला भाऊ नाय म्हनून तेवढी काळजी नाय.

मी कोन ते ध्यानात येत नसंल तर सांगते. मी तुमच्या भाच्याची, प्रवीणची बायको. आमच्या लग्नात तुमी आलेलात, पन गाडी खाली रस्त्यावरच थांबवलीत. मला हळदीच्या अंगानं तिथं बोलावून हिरवी साडी दिलीत आनि न जेवता गेलात. आजोबा तवा ओट्यावर उभे होते. सगळी बसा बसा बोलत होती, बसले नाय. तुमची गाडी वळनापलीकडं गेली तवा बसले. मी नवी नवरी, मला वाटलं या घरात उभं राहायची रीत असंल, म्हनून मी पन उभीच.

फोन लावून बघितला. तुमी गोड आवाजात "बोल गो" बोलता, मी "आजोबा" बोलली की फोन कट होतो. प्रवीण बोलतो रेंज नसंल. मला वाटतं रेंज असते. म्हनून कागद घेतला. कागद कट होत नाय. फाडता येतो, पन फाडायच्या आदी मानूस एक नजर तरी टाकतो. माझी सातवी झाली, अक्षराला हसू नका. तुमच्या गावाला फेऱ्या करनाऱ्या प्रितमच्या ट्रॅव्हलर गाडीनं पाठवते. सोबत कुळथाचं पीठ हाय, म्हंजे पत्र नको असंल तरी पिशवी घ्याल.

आजोबा बरे हायत. नव्वदी झाली पन दात माझ्यापेक्षा बरे. वाडी त्यांना अजून हवालदार बोलते. पोलिसात एक दिस नव्हते, पन सिनेमात जन्मभर हवालदारच झाले. नायतर गडी. नायतर हिरॉइनीचा गरीब बाप, जो मध्यंतराच्या आदी मरतो. मी एकदा चुकून एक्स्ट्रा बोलली तर दोन वेळा जेवले नाय. बोलले, "एक्स्ट्रा गर्दीत असतो गो. मी कॅरेक्टर. मला वाक्य असायचं."

वाक्य कंचं, तर "मालक, घात झाला." पिच्चर कुठला पन असू दे. कारखान्याला आग लागली, मालक घात झाला. मालकाची पोरगी पळाली, मालक घात झाला. आता माझं दूध उतू गेलं की ओट्यावरनं तेच येतं, आनि असं येतं की माझ्या हातातनं पातेलं पडतं. मी लय भित्री हाय आत्या. एसटी वळनावर कलली तरी मी मेलेल्या सासूसासऱ्यांना हाका मारते.

पिच्चरच्या सुरवातीच्या पाटीवर नाव यायचं काय विचारलं तर बोलतात, "यायचं की. 'आनि इतर' मदी."

त्यावरनं आठवलं. तलाठ्याकडनं नोटीस आलीय. पावसाळ्यात वाडीवर दरड येईल, तवा सगळ्यांनी खाली शाळेमागं पत्र्याच्या शेडी बांधल्यात तिथं राहायला जावं, असं हाय. नोटिशीवर वरती लिवलंय "श्री. महिपती व इतर". आजोबांनी ती तीनदा वाचून घेतली. राजेंद्रभाऊ तलाठ्यांना बोलले, "उभ्या जन्मात पयल्यांदा माझं नाव पुढं आनि इतर मागं." भिंतीवर चिकटवलीय. जायचं मात्र नाव नाय.

प्रवीण मागच्या रविवारी भिवंडीवरनं आलेला. गोडावनातले तिघं घेऊन आला, उचलून न्यायचं ठरवून. त्यांनी हात लावला नि आजोबा मेले. खरंच मेले असं वाटलं. मान टाकली, अंग असं जड केलं की चौघांना खुर्चीसकट हलंनात. शेजारच्या सेजलनं गळा काढला. प्रवीण पायावर डोकं ठेवून रडाया लागला, "आजोबा, मी तुमाला शिव्या दिल्या." तर डोळे मिटलेले तसेच, नि बोलतात कसे, "कंच्या शिव्या?"

मंग चहा मागितला. प्रवीण त्याच पावली रागानं गेला. त्याची तरी काय चूक, चौघं एका खोलीत राहतात, आमाला तिकडं नेणार कुठं.

मला तुमच्याकडनं काय नको. एकदा फोनवर त्यांना "खाली जा" बोला, एवढंच. तुमचं नाव काढलं की ते डोळे बारीक करून रस्त्याकडं बघतात, म्हनून मला वाटलं तुमचं आयकतील.

घाई नाय. मागच्या पडवीत जरा भेग पडलीय, पन घर जुनं झालं की पडतेच. दिशाचा रबरी चेंडू त्यात गेला. मी कान लावून बसली, खाली पडल्याचा आवाज येईल म्हनून.

आला नाय.

तुमची भित्री,
अक्षदा


उंबरकोंड
११ जून

ती. आत्या,

नमस्कार. झबलं मिळालं, दिशाला बरोबर बसलं. फरसान आजोबांनी संपवलं. कुळथाचं पीठ ठेवून घेतलंत ते बघून बरं वाटलं.

तुमचा निरोप पन मिळाला. त्याचं काय झालं ते सांगते. तुमी प्रितमला बोललात, "त्यांना न्यायला सिनेमा कंपनीला बोलवा म्हनावं." मला टोमना कळतो आत्या. प्रितमला कळत नाय. त्यानं ओट्यासमोर हॉर्न मारला नि मोठ्यानं बोलला, "हवालदार, तुमाला न्यायला सिनेमा कंपनी येते. चंद्रभागा आत्यानं कळवलंय."

झालं. आजोबांनी दाढी केली. माळ्यावरची पत्र्याची पेटी काढायला लावली. त्यात एक खाकी डगला निघाला, कसरीनं खाल्लेला, आनि एक मिशी. तवापासनं डगला घालून ओट्यावर बसलेत. मी बोलली, "आजोबा, खाली शेडीत जाऊन वाट बघू." तर बोलतात, "गाडी इथं यायची नि आपन तिथं, मंग कंपनी दुसरा घेते. माझ्या जागंला उभी राहायला माणसं कमी हायत काय?"

राजेंद्रभाऊंना मी सगळं सांगितलं. ते भला मानूस. बोलले, वहिनी, आपन गाडीच आनू. सरकारी जीप घेऊन आले, गॉगल लावून. खाली उतरून बोलले, "चला हवालदार, शूटिंग हाय."

आजोबांनी वरनं खालपरेंत बघितलं. "कंपनीचं नाव काय?"

 राजेंद्रभाऊंच्या तोंडातनं निघून गेलं, "तहसील कार्यालय."

"नाव आयकलं नाय. रोल काय?"

"तुमचाच. एक म्हातारा असतो, तो घर सोडून खाली येतो."

"मंग?"

"मंग काय नाय. खाली येतो."

"पडंल हा पिच्चर," आजोबा बोलले, आनि मला बोलले, "यांना पानी दे, उन्हातनं आलेत."

जीप गेल्यावर मी हसली आनि मंग मला रडू आलं, दोनी एका दमात. दिशा माझ्याकडं बघून भोकाड पसरून रडाया लागली. तवा आजोबा उठून आत आले. मी तांदूळ निवडत बसलेली. ते उंबऱ्यावर टेकले. मी बोलली, "आजोबा, खरं सांगा, तुमाला कळतंय ना कंपनी येनार नाय?"

"कळतंय," बोलले.

"मंग हलत का नाय?"

"पॅकअप कुनी सांगितला नाय."

मी तिथंच बसल्या बसल्या ओरडली, पॅकअप, पॅकअप. बोलले, "तू बोलून काय? ज्यानं उभं केलं त्यानंच सोडायचं. तशी रीत हाय आमच्यात."

मंग त्यांनी मला पाचाडची गोष्ट सांगितली. तुमच्या लग्नाचा दिस. तुमाला टेम्पोतनं दिसलं तेवढं तुमाला म्हाईत हाय. आजोबांकडनं मी आयकलं ते लिवते, खरंखोटं तुमी ठरवा.

पाचाडला गडाखाली शूटिंग होतं. काम घेतलं ते लग्नाला चार पैशे होतील नि घर जवळ पडंल म्हनून. भाला घेतलेला पहारेकरी. वाक्य नव्हतं. सकाळी त्यांनी सांगितलं, आज माझ्या पोरीचं गोरज लगीन हाय, पोलादपूरपरेंत जायचंय, पयला शॉट माझा घ्या. असिस्टंट बोलला, "घेतो की. त्या वरच्या डोंगराच्या सोंडंवर जाऊन उभे राहा. पॅकअप बोलल्याबगर हलू नका. हललात तर सगळं परत पयल्यापासनं."

आता हललं तर उशीर होनार म्हनून ते हलले नाय आत्या. लग्नाला येळेत पोचायचं म्हनून डोळ्याची पापनी पन हलवली नाय.

खाली काय झालं कुनास ठाव. ऊन फिरलं असंल, जेवनं झाली असतील. कंपनी गाड्या भरून गेली. वर एक मानूस उभा केलाय हे कुनाच्या ध्यानात नाय. एक गुराखी आला नि बोलला, "ओ पहारेकरी, तुमची माणसं गेली." आजोबांनी मान न हलवता इचारलं, "तू डायरेक्टर हायस काय?"

शेवटी सावल्या लांब झाल्या तवा ते उतरले. भाताच्या पोत्यांच्या ट्रकवर बसून आले, भाल्यासकट. डोक्याला पगडी, एका बाजूची मिशी सुटलेली. इथं पोचले तवा कन्यादान चुलत्यानं करून वऱ्हाड टेम्पोत बसलेलं. माणसं हसली. पोरं भाल्याच्या मागं धावली. ते टेम्पोसमोर उभे राहिले, आनि जे पाठ होतं तेच तोंडातनं आलं. घात झाला.

त्यावर माणसं आनखी हसली. आनि तुमी रडत रडत बोललात, "आता इथंच उभे राहा. मी बोलवीन तवाच या."

बोललात का तसं? मला म्हाईत नाय. ते बोलतात, तुमी बोललात.

त्यानंतर त्यांनी सिनेमा केला नाय. कंपनीची तार आली, गेले नाय. वाडी बोलते सिनेमावाल्यांनी हाकललं, ती बोलते तर बोलू दे. महाडला डोळं तपासायला पन गेले नाय, डॉक्टर गावात आला तवा तपासले. तो पाचाडचा पिच्चर महाडला लागला तर आजी बायकांबरोबर बघून आली नि बोलली, "डोंगरावर ठिपका दिसतो. ते तुमीच." आजोबांनी इचारलं, "ठिपका हलतो काय?" ती बोलली नाय. "मंग मीच," बोलले.

मी पयल्या पत्रात एक गोष्ट लपवली. वाडीत कुनी नाय आता. सेजल, सुनील, सगळी खाली गेली, गुरं पन. मी दिशाला घेऊन खाली झोपायला जावं तर म्हाताऱ्याला एकटं कसं ठेवू, आनि वर राहावं तर ती भेग. आदी त्यात बोट जायचं, आता माझा हात जातो कोपरापरेंत. मी घालून बघितला, मंग बाहेर काढायचं सुचंना, इतकी भ्याली.

चुलीवर भांडं आपोआप वाजतं. आजोबा बोलतात उंदीर. उंदीर कधीच गेले आत्या. उंदरांना कुनी सांगावं लागत नाय.

तुमचा राग खरा हाय. बापानं पोरीच्या लग्नात भाला घेऊन यावं हे काय बरं नाय. पन तुमी सोडा त्यांना. माझ्यासाठी नको, दिशाला अजून दोनच दात आलेत.

अक्षदा


शाळेमागची शेड, चौथी खोली
२४ जून

ती. आत्या,

नमस्कार. फोनवर तुमी होतात, पन तुमाला दिसलं नाय. म्हनून लिवते.

तुमचा फोन आला तवा मी गोठ्यामागच्या दगडावर होती, रेंज तिथंच येते. एका कडंवर दिशा, एका हातात फोन. "त्यांच्याकडं दे" बोललात तर ओट्यापरेंत येता येता रेंज जाईल म्हनून मी फोन डोक्यावर धरून चालली, देवाची परडी नेतात तशी. सुनील भांडी न्यायला वर आलेला, तो बोलला, "वहिनी, भूत लागलं काय?"

मी स्पीकर चालू करून फोन आजोबांपुढं धरला.   मंग तुमी बोललात, "बाबा, या आता."

तवा ते उठून उभे राहिले. तुमाला वाटलं असंल बसून बोलतायत. नाय. डगल्याची बटनं लावत बोलले, "कोन बोलतंय?"

"चंदी."

"पॅकअप हाय काय?"

"हाय. पॅकअप झालं बाबा."

मंग त्यांनी इचारलं, "शॉट ओके हाय?" इचारताना त्यांनी खांब धरलेला. 

तुमी "ओके" बोललात तेवढं आयकू आलं. पुढचं नाय आलं. या येळेला खरंच रेंज गेली, मी फोन तपासला.

त्यांनी फोनला सलाम ठोकला. मला बोलले, "पोरीला घे. पेटी सुनील घेईल." चौघांना हलले नाय ते आपल्या पायानं उतरले, काठी भाल्यासारखी धरून. वळनावर थांबले, घराकडं वळले नि हळू बोलले, "मालक, घात झाला." ते वाक्य मी रोज आयकते. तसं कधी आयकलं नव्हतं. माझं काळीज नाय उडालं, उलट वाटलं, पाया पडावं.

पाच दिसांनी मागची पडवी गेली. चूल, पाटा, माळा सगळं खाली नदीकडं. पुढचा ओटा उभा हाय, भिंतीवर नोटीस पन हाय असं सुनील बोलतो. इथनं बघितलं तर घर एवढंसं दिसतं. आजोबा डोळ्यावर हात धरून बघतात नि बोलतात, "हलत नाय. चांगलं काम करतंय."

शेडीत ते मजेत हायत. सगळी वाडी एका रांगेत, पत्र्याच्या भिंती, एक बोललं की सगळ्यांना आयकू येतं. त्यांना इतकी माणसं समोर आख्ख्या जन्मात मिळाली नव्हती. काल सेजलची सासू बोलली, "हवालदार, मरून दाखवा." मरून दाखवलं. चहा मिळाला. आता रोज कुनी ना कुनी मारतं. प्रवीणला फोनवर सांगितलं तर हसला. तो पन कितीतरी दिसांनी हसला.

आता एक गोष्ट. ती सांगायला मला भ्या वाटतं, पन तुमाला कळायला हवी.

तुमी तवा बोललेलात, मी बोलवीन तवाच या. आता बोललात, बाबा, या आता. तुमाला खाली या असं बोलायचं असंल. मी त्यांना तसं समजावलं. ते बोलले, "खाली या असं बोलली नाय. या बोलली." त्यांनी प्रितमच्या ट्रॅव्हलरमदी पुढची सीट धरलीय, येत्या रविवारची. पेटी भरलीय. डगला धुवून घेतलाय, मिशी न्यायची काय इचारत होते, मी नको बोलली. सेजलनं कुळीथ दळून दिलाय तुमच्यासाठी. दासगावपरेंत मी सोबत जाते, पुढं प्रितम हाय.

मी थांबवलं नाय. थांबवायचं असंल तर तुमीच सांगा, माझं बोलनं त्यांच्यात चालत नाय. पन नका सांगू.

ते दुपारी पोचतील. जेवन कमी असतं, मीठ कमी घाला. रात्री कन्हतात, ते खरं नसतं. सकाळी चहा उशिरा झाला की मरतात, तुमी घाबरू नका, कप खाली ठेवल्याचा आवाज करा.

जरा कमी भित्री,
तुमची अक्षदा

ता.क. दारात दिसले की आदी "बसा" बोला. नायतर उभेच राहतील.